मुस्तांग (२०१५): पिक्चर बघण्याआधी आणि बघून झाल्यावर पडणारे प्रश्न

कोणालाही हा पिक्चर सजेस्ट केला की तेच तेच प्रश्न येतात, म्हणून म्हटलं एकदाच बसून सगळं लिहून टाकावं. स्पॉयलरवाले प्रश्न शेवटी शेवटी घेतलेत आणि तिथे तसं लिहिलंय, त्यामुळे वरचं बिनधास्त वाचा.

हा घोड्यांवरचा पिक्चर आहे का? की गाडीवरचा?

दोन्ही नाही. एकही घोडा नाही आणि फोर्डची गाडी तर नाहीच नाही. पाच बहिणी आहेत, पाचही जणींचे लांबसडक मोकळे केस आहेत, आणि त्या एकत्र धावायला लागल्या की नाव का दिलंय ते आपोआप कळतं.

गोष्ट काय आहे, थोडक्यात?

उत्तर तुर्कस्तानात काळ्या समुद्राच्या काठचं एक गाव. सोनाय, सेल्मा, एजे, नूर आणि लाले या पाच बहिणी, आईवडील दहा वर्षांपूर्वी गेलेत, आजीने वाढवलंय, घरात एरोल नावाचा काका पण आहे. शाळेचा शेवटचा दिवस, लालेच्या लाडक्या दिलेक बाई इस्तंबूलला चालल्यात म्हणून ती रडतेय, आणि मग सगळ्या जणी ठरवतात की आज बसने नको, चालत जाऊ. वाटेत समुद्रात वर्गातल्या पोरांच्या खांद्यावर बसून पाण्यातली मारामारी खेळतात, ओल्या कपड्यांनीच कोणाच्या तरी बागेत घुसून सफरचंदं तोडतात, आणि घरी पोचेपर्यंत शेजारणीने आजीचे कान भरलेले असतात. बस, एवढंच. त्यानंतर आजी एकेकीला खोलीत घेऊन मारते, दवाखान्यात नेऊन कौमार्याचं सर्टिफिकेट आणलं जातं, फोन, कॉम्प्युटर, मेकअप सगळं कपाटात बंद, शाळा बंद, आणि गावातल्या बायका घरी येऊन यांना स्वयंपाक, शिवण, खिडक्या पुसणं शिकवायला लागतात. सांगणारी सगळ्यात धाकटी लाले आहे आणि ती म्हणते की आमचं घर म्हणजे बायका तयार करायचा कारखाना झाला. पुढे एकेकीची लग्नं ठरायला लागतात. दीड तासापेक्षा थोडा मोठा आहे, ९७ मिनिटं.

मग हा तुर्की पिक्चर की फ्रेंच? ऑस्करला तर फ्रान्सकडून गेला होता ना?

हो, बरोबर वाचलंय तुम्ही. भाषा तुर्की, कलाकार तुर्की, जागा तुर्की, पण पैसा बऱ्यापैकी फ्रान्सचा आणि दिग्दर्शिका डेनिझ गम्झे एर्गुवेन अंकारात जन्मलेली (१९७८) पण लहानपण फ्रान्स-तुर्कस्तान असं ये-जा करण्यात गेलेलं, पॅरिसच्या ला फेमिस फिल्म स्कूलमध्ये शिकलेली. तिने आलिस विनोकूर या फ्रेंच दिग्दर्शिकेबरोबर स्क्रिप्ट लिहिली. मे २०१५ मध्ये फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलला डिरेक्टर्स फोर्टनाइट या विभागात दाखवला, तिथे युरोपा सिनेमाज लेबलचं बक्षीस मिळालं, मग युरोपियन पार्लमेंटचं लक्स प्राइज, चार सेझार, म्हणजे फ्रान्सचे ऑस्करच (पहिला पिक्चर, पटकथा, एडिटिंग, संगीत), आणि ऑस्करच्या शेवटच्या पाचात नंबर, तिथे मात्र हंगेरीचा ‘सन ऑफ सॉल’ जिंकला. त्याच वर्षी तुर्कस्तानने स्वतःकडून ‘सिवास’ पाठवला होता, एक मुलगा आणि झुंजीतला कुत्रा अशी गोष्ट, तो पण गावावरचाच, पण नॉमिनेशनपर्यंत पोचला नाही.

खऱ्या घटनेवर आहे का?

अख्खी गोष्ट नाही, पण सुरुवात आहे. खांद्यावर बसण्याचा प्रसंग तिच्या स्वतःच्या घरात झालेला आहे असं दिग्दर्शिकेने मुलाखतीत सांगितलंय. फरक एवढाच की खऱ्या आयुष्यात त्या मुली मान खाली घालून गप्प बसल्या. पिक्चरमधल्या मुली काय करतात, तर घरातल्या खुर्च्या फोडायला घेतात, की आमची ढुंगणं या खुर्च्यांना पण लागलीयेत, मग याही वाईटच झाल्या की. मला वाटतं अख्खा पिक्चर या एका फरकातून आलाय, तेव्हा जे बोलता आलं नाही ते आता पाच पोरींच्या तोंडून बोलून घेतलंय, आणि म्हणूनच तो डॉक्युमेंटरीसारखा वाटत नाही, तो वाटावा अशी अपेक्षा पण ठेवू नका.

कुठे शूट केलाय?

इनेबोलू, कास्तामोनू प्रांतातलं काळ्या समुद्रावरचं छोटं बंदराचं गाव. उतारावरची घरं, खाली समुद्र, मागे गर्द हिरवे डोंगर. तुर्कस्तान म्हटलं की आपल्याला कापादोक्याचे हॉट एअर बलून नाहीतर इस्तंबूलच्या मशिदी आठवतात, हा भाग वेगळाच आहे, ओला आणि हिरवागार. आणि पिक्चरभर एक गोष्ट डोक्यात राहते ती म्हणजे इस्तंबूल इथून किती लांब आहे.

शूटिंगच्या मागची गोष्ट पण भारी आहे. शूट सुरू व्हायला तीनेक आठवडे राहिले असताना निर्मात्याने अंग काढून घेतलं, दिग्दर्शिका तेव्हा गरोदर, मग शार्ल जिलिबेर या फ्रेंच निर्मात्याने पिक्चर हातात घेतला म्हणून तो झाला.

म्हणजे परंपरा वि. आधुनिकता, असलाच टिपिकल विषय ना?

सगळे असंच म्हणतात आणि इथेच गंमत आहे. नीट बघा, या घरात जुनं असं काय आहे? आईवडील गेल्यापासून या मुली त्याच आजीकडे बऱ्यापैकी मोकळ्या वाढल्यात, शाळेत पोरांबरोबर शिकतात, केस मोकळे, जीन्स, शॉर्ट्स, आजीला दहा वर्षं काही प्रॉब्लेम नव्हता. भिंत वाढवायला गवंडी येतो, खिडक्यांना गज बसतात, ते बिनआकाराचे मळकट रंगाचे झगे येतात, हे सगळं आपल्या डोळ्यांसमोर एका उन्हाळ्यात नव्याने होतं. आणि त्यालाच सगळे म्हणणार आपली परंपरा, आपली रीत. मला तरी या पिक्चरचा मुद्दा हाच वाटतो, की परंपरा म्हणून जे गळ्यात मारलं जातं त्यातलं बरंचसं गेल्या आठवड्यात बनलेलं असतं, आणि ते बनायला कुठला ग्रंथ लागत नाही, एक शेजारीण आणि ‘लोक काय म्हणतील’ एवढं पुरतं. बदल म्हटला की तो पुढेच जाणार असं आपण धरून चालतो, इथे बदल मागे जातो, आणि परंपरेचं नाव घेऊन जातो.

२०१४-१५ चा तुर्कस्तान डोक्यात ठेवून बघितलं तर अजून कळतं. जुलै २०१४ मध्ये तिथले उपपंतप्रधान बुलेंत आरिंच जाहीरपणे म्हणाले होते की बाईने चारचौघांत मोठ्याने हसू नये, त्यावर हजारो तुर्की बायकांनी सोशल मीडियावर आपले खळखळून हसतानाचे फोटो टाकले होते. पिक्चरमध्ये जेवणाच्या टेबलावर मागे टीव्हीवर बाईच्या लाजेवर असंच काहीतरी प्रवचन चालू असतं आणि समोर मुलींना हसू आवरत नसतं. तो सीन परत येईल खाली, स्पॉयलरमध्ये.

आजी व्हिलन आहे का? मला तिचा राग पण येतो आणि कीव पण.

दोन्ही येणं बरोबर आहे. निहाल कोल्दाशने ती आजी अशी केलीये की तिला एका खान्यात टाकता येत नाही. ती मारते, कोंडते, लग्नं ठरवते, पण का, तर एरोल घरात ओरडतोय की तू पोरी बिघडवल्यास, आणि तिला माहितीये की या घरात राहण्यापेक्षा नवऱ्याच्या घरी गेलेल्या बऱ्या. हे ‘बऱ्या’ कशासाठी ते पिक्चर हळूच सांगतो, मोठ्याने नाही. म्हणजे लग्न हाच तिला सुचलेला सुटकेचा मार्ग आहे, कारण तिच्या वेळेला पण तोच होता. तिने काकाला हाकललं असतं तर? हा प्रश्न मला दर वेळी पडतो. पण घर चालवणारा पुरुष तो, आणि त्याला हाकलल्यावर गाव काय म्हणेल, परत तिथेच येऊन थांबतो आपण.

आणि गावातल्या बाकीच्या बायका पण एकाच साच्यातल्या नाहीत. चहाडी करणारी बाई आणि जिवावर उदार होऊन झाकणारी बाई, दोघी त्याच गल्लीतल्या. जवळच्या वस्तीत राहिलेल्या माणसाला हे सांगायला नको.

ती फक्त बायकांची फुटबॉल मॅच, असं खरंच असतं का?

असतं, झालंय! इस्तंबूलच्या फेनेरबाचे या फुटबॉल क्लबच्या प्रेक्षकांनी धुडगूस घातला म्हणून शिक्षा झाली होती, आणि रिकाम्या स्टेडियमऐवजी बायका आणि १२ वर्षांखालच्या मुलांनाच आत सोडायचं असं तुर्की फुटबॉल फेडरेशनने ठरवलं. २० सप्टेंबर २०११, इस्तंबूलचं शुक्रू सराजोलू स्टेडियम, समोर मनिसास्पोर, आणि ४१ हजारांहून जास्त बायका-मुलं. पिक्चरमध्ये क्लब बदलून त्राब्झोनस्पोर केलाय कारण काळ्या समुद्राच्या बाजूचा तोच मोठा क्लब.

हा माझा सगळ्यात आवडता भाग. लालेला फुटबॉलचं वेड, काका एरवी नाहीच म्हणणार, मग पाचही जणी पळून जातात, बस चुकते, यासिन नावाच्या लांब केसांच्या ट्रकवाल्याकडून लिफ्ट घेतात, आणि स्टेडियममध्ये नुसता कल्ला. इकडे घरी टीव्हीवर कॅमेरा नेमका यांच्यावर येतो आणि ते एका आत्याबाईंना दिसतं, शेजारच्या खोलीत पुरुष मंडळी मॅच बघायला बसतच असतात. बाई आधी घराचा फ्यूज उडवते, मग लक्षात येतं की पुरुष दुसऱ्या घरी जाऊन बघतील, तर बाहेर जाऊन दगड मारमारून अख्ख्या गावाची लाइट घालवते! थिएटरमध्ये बसलेले लोक टाळ्या वाजवतील असा सीन आहे. पण लक्षात घ्या, ती पोरींना वाचवते म्हणजे त्यांना मोकळं सोडत नाही, या मॅचनंतरच भिंती उंच होतात.

मुलगी बघायला येतात तेव्हा कॉफी का? काही खास आहे का त्यात?

आपले कांदेपोहे समजा. तुर्कस्तानात मुलीला मागणी घालायला घरचे मोठे येतात, मुलीने स्वतः ट्रेमध्ये तुर्की कॉफी आणायची, सगळे तिच्या हाताची, चालण्याची, फेसाची परीक्षा घेणार, आणि मग मुलाकडचा वडीलधारा ‘अल्लाच्या आज्ञेने आणि पैगंबरांच्या शब्दाने’ तुमची मुलगी आमच्या मुलासाठी मागतो असं ठरलेलं वाक्य म्हणणार. हौसेच्या लग्नात मुलगी नवऱ्या मुलाच्या कॉफीत मीठ घालते आणि त्याने चेहरा न वाकडा करता प्यायची, ही गंमत आजही शहरांतसुद्धा चालते, प्रेमविवाह असला तरी. म्हणजे रीत मुळात वाईट नाही, मजेची आहे. पिक्चरमध्ये तीच रीत इतक्या झटपट उरकली जाते की अंगावर काटा येतो, दोन मिनिटांत मुलगा-मुलगी उभे, अंगठ्या, अभिनंदन. सोनाय म्हणते मी माझ्या एकिनशीच लग्न करणार नाहीतर आरडाओरडा करेन, तर आजी लगेच सांगते बरं, आणि त्या आलेल्या स्थळाला तिच्या जागी सेल्मा दिली जाते. दुकानात हा रंग नसेल तर तो घ्या, तसं. आणि जे स्थळ नाकारलं गेलं त्यांनाही काही फरक पडत नाही, हे जास्त लागतं.

लग्नात मुलीच्या कमरेला लाल फीत बांधतात ती पण खरी प्रथा आहे, बाप नाहीतर भाऊ बांधतो, अर्थ काय ते सांगायला नको.

चादरीचा तो सीन... अजून असं होतं का कुठे?

(इथून थोडा स्पॉयलर.) पहिल्या रात्री सेल्माची सासरची मंडळी दाराबाहेर उभी असतात, चादर बघायला. रक्त नाही म्हणून मध्यरात्री वरात दवाखान्यात. डॉक्टर तपासून सांगतो की सगळं जागच्या जागी आहे, आणि ती थकून म्हणते की मी तर जगातल्या सगळ्यांबरोबर झोपलेय. तो सीन बघताना आपण हसावं की काय करावं कळत नाही.

आणि कुठे होतं म्हणाल तर लांब जायला नको. आपल्याकडे कंजारभाट समाजात जातपंचायतीसमोर लग्नाच्या रात्रीची चादर दाखवायची पद्धत, तिच्याविरुद्ध २०१८ च्या सुमारास पुणे-पिंपरी भागातल्या त्याच समाजातल्या तरुण मुला-मुलींनी ‘स्टॉप द व्ही रिच्युअल’ मोहीम काढली होती, पेपरमध्ये भरपूर आलं होतं. त्यांना मारहाण झाली, वाळीत टाकायच्या धमक्या आल्या. २०१९ मध्ये राज्य सरकारने अशी चाचणी लैंगिक अत्याचार धरू असं जाहीर केलं, आणि त्याआधीच सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा महाराष्ट्रात २०१७ पासून लागू झाला होता. त्यामुळे हा पिक्चर बघून ‘बघा त्यांच्याकडे कसं असतं’ म्हणणाऱ्यांनी जरा दमाने घ्या. आवाज उठवणारे त्याच वस्तीतले होते हे मला त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, पिक्चरमध्येही बाहेरून कोणी वाचवायला येत नाही.

तुर्कस्तानात याविरुद्ध कायदे नाहीत का?

आहेत की, आणि बरेच जुने. १९२६ मध्ये स्विस कायद्यावरून घेतलेला नागरी कायदा आला, बहुपत्नीत्व गेलं, १९३४ मध्ये बायकांना संसदेच्या निवडणुकीत मतदान आणि उभं राहण्याचा हक्क मिळाला, फ्रान्सच्या आधी. आत्ताच्या नागरी कायद्यात लग्नाला १७ वर्षं पूर्ण लागतात, खास कारण असेल तर कोर्ट १६ ला परवानगी देऊ शकतं. नुसता इमामाने लावलेला निकाह कायद्याने लग्न धरत नाहीत, पण गावात लावतात आणि कमी वयाच्या मुली तिथेच अडकतात. कौमार्य तपासणी पण २००४ च्या दंडसंहितेनुसार न्यायाधीश किंवा सरकारी वकिलाच्या आदेशाशिवाय करता येत नाही. शाळा १२ वर्षं सक्तीची, २०१२ पासून.

म्हणजे कागदावर पिक्चरमधलं जवळजवळ सगळंच बेकायदेशीर आहे. पण तक्रार करणार कोण आणि कोणाविरुद्ध, घरच्यांविरुद्ध? आणि कायदे पण मागे जातात, बायकांवरच्या हिंसाचाराविरुद्धचा जो करार इस्तंबूलच्या नावाने ओळखला जातो त्यातून तुर्कस्तान २०२१ मध्ये बाहेर पडला.

तुर्कस्तानातल्या लोकांना आवडला का?

मिक्स. बऱ्याच तुर्की समीक्षकांचं म्हणणं होतं की हा पिक्चर पाश्चात्त्य प्रेक्षकांसाठी केलाय. या मुली काळ्या समुद्राच्या बोलीत बोलतच नाहीत, स्वच्छ इस्तंबूलचं तुर्की बोलतात, वागणं शहरी, आणि एका घरात तुर्की बायकांवर होणारे सगळे अत्याचार कोंबलेत. मला बोलीचा मुद्दा पटतो, म्हणजे समजा मालवणातल्या घरातल्या पोरी सदाशिव पेठी बोलायला लागल्या तर आपल्याला खटकेलच ना. सगळं एकाच घरात घडतं हा आक्षेप मात्र तितका पटत नाही, कारण सांगणारी बारा-तेरा वर्षांची मुलगी आहे, तिला जग तेवढंच दिसतंय. एरोल मात्र थोडा सपाट झालाय हे मान्य. आयबेर्क पेकजानसारखा नट होता (२०२२ मध्ये गेला तो), त्याला अजून काम देता आलं असतं.

पाचही जणी खऱ्या बहिणी आहेत का?

नाही. आणि त्यातल्या एकट्या एलित इश्जानने (एजे) आधी पिक्चरमध्ये काम केलेलं, बाकी चौघी नवख्या. सेल्मा झालेली तूबा सुंगुरोलू तर दिग्दर्शिकेला विमानात भेटली. त्या एकमेकींच्या अंगावर पाय टाकून लोळत असतात, उन्हाच्या पट्ट्यात, तेव्हा कोणाचा हात कोणाचा पाय कळत नाही, ते खोटं वाटतच नाही. लाले झालेल्या गुनेश शेन्सोयवर तर पिक्चर उभा आहे.

म्युझिक?

वॉरन एलिस, ऑस्ट्रेलियन. व्हायोलिन. हेडफोन लावा.

घरच्यांबरोबर बघता येईल का? मुलांना दाखवू का?

नग्नता नाही, मारामारी फार नाही. पण घरातल्या माणसाकडून होणारा लैंगिक अत्याचार (पडद्यावर दाखवत नाहीत, दाराच्या आवाजावरून कळतो) आणि एक आत्महत्या आहे. चौदा-पंधराच्या मुलामुलींना दाखवावा असं माझं मत, पण एकट्याला लावून देऊन उठून जाऊ नका, बरोबर बसा. सासूबाईंबरोबर बघायचा की नाही ते तुमचं तुम्ही ठरवा :)

शेवट नीट कळला नाही. आणि एजेने तसं का केलं? (पूर्ण स्पॉयलर)

एजेचं कारण पिक्चर शब्दांत सांगत नाही. रात्री काका तिच्या खोलीत जातो हे लालेला कळलेलं असतं, तेवढंच आपल्यालाही कळतं. जेवताना ती बहिणींना हसवते, टीव्हीवर ते लाजेचं प्रवचन, काका तिला टेबलावरून उठवतो, ती जाते आणि गोळीचा आवाज. बऱ्याच जणांना ते अचानक वाटतं. परत बघा, ती आधीपासून जोखमीचंच वागत असते.

मग काका नूरकडे वळतो, आजीला ते कळतं, आणि उपाय काय तर नूरचं पण लग्न. लग्नाच्या दिवशी वऱ्हाड बाहेर असताना लाले आणि नूर आतून दारं लावून घेतात, आणि काकाने एवढा खर्च करून बसवलेल्या त्याच गजांमुळे कोणालाही आत येता येत नाही. लालेने यासिनकडून गाडी चालवायला शिकून ठेवलेलं असतं, लपूनछपून, पाय पुरत नसताना. त्याच जोरावर गाडी घेऊन बाहेर पडतात, मग यासिनच्या मदतीने इस्तंबूलची बस, आणि सकाळी दिलेक बाईंच्या दारात.

पुढे काय होणार, काका शोधत येईल, पोलीस परत पाठवतील, हे सगळं खरंच होऊ शकतं, दोघीही अल्पवयीन आहेत. काही जणांना शेवट परीकथेसारखा वाटतो. मला नाही वाटत, कारण पाचातल्या दोनच पोचल्या. सोनाय तिच्या मनासारखं लग्न करून गेली, ती सुखात असेल कदाचित. सेल्माचं पुढे काय झालं ते पिक्चर विचारतच नाही, आणि मला सगळ्यात जास्त तिचीच काळजी वाटते.